ब्राझीलचा ठाकूर

वय झालं की माणसाचा राग निवतो, असं मला भेटणारे सगळे सांगतात. माझा निवलेला नाही. गुडघे गेले, मागचे दात गेले, रोजचं शूटिंग गेलं, पण नानासाहेबांवरचा राग अजून सकाळच्या चहाबरोबर ताजा होतो. नानासाहेब जाऊनही आता बरीच वर्षं झाली. ते गेल्याचा फोन आला तेव्हा मी मुंबईत सेटवर जेवत होतो. मी फोन ठेवला आणि शेवयांच्या खिरीची दुसरी वाटी मागितली. हे लिहायला मला लाज वाटत नाही, आणि ज्यांना वाचायला वाटेल त्यांनी हे प्रकरण सोडून पुढचं वाचावं.

हिंदी मालिकांमधून मी आयुष्यभर दुष्ट काका, दुष्ट सासरे आणि दुष्ट वकील केले. बायका मला भाजीबाजारात ओळखतात आणि तोंड वाकडं करतात, म्हणजे काम बरं झालं असणार. मुलाखतीत हमखास विचारतात, हा दुष्टपणा तुम्ही आणता कुठून? मी हसून काहीतरी सांगतो. खरं उत्तर असं, की आधी घशातून बारीक खाकरायचं, मग मान डावीकडे कलती करून ‘असं आहे बघा’ म्हणायचं, आणि समोरच्याच्या डोळ्यांत न बघता त्याच्या हातातलं काढून घ्यायचं. हे सगळं मी नानासाहेबांचं उचललं आहे. ते इंदूरच्या आमच्या मराठी नाट्यमंडळाचे सेक्रेटरी. त्यांना मी पहिल्यांदा टीव्हीवर आणलं ते मात्र स्वतःच्या तोंडानं नाही, ब्राझीलमधल्या एका नटाच्या तोंडानं. तेव्हा मी एकोणीस वर्षांचा होतो.

आमचं घर भंवरकुआंच्या पुढे. आता तिथे एकेका भिंतीवर चार-चार कोचिंग क्लासच्या पाट्या आहेत आणि प्रत्येक गच्चीवर होस्टेलच्या पोरांचे टॉवेल वाळतात. तेव्हा दोन खोल्या, मागे पेरूचं झाड आणि समोर वीज मंडळाचा ट्रान्सफॉर्मर, जो दिवसरात्र गुणगुणत असायचा. पाहुण्यांना त्याचा त्रास व्हायचा, आम्हाला तो बंद पडला की झोप लागायची नाही. बाबा वीज मंडळात लाइनमन होते. आमचे आजोबा महूला फौजेत होते, त्यांची नाव रंगवलेली हिरवी पेटी आमच्याकडे पलंगाखाली असायची, आणि त्या पेटीत आजोबांचं काहीही नव्हतं. बाबांनी तिच्यात दिवे, होल्डर, वायरी आणि रंगीत जिलेटिनचे कागद भरून ठेवले होते. कारण बाबांचा खरा जीव नोकरीत नव्हता, नाटकाच्या लाइटमध्ये होता. मंडळाच्या प्रत्येक नाटकाचा प्रकाश वीस वर्षं त्यांनी केला. मंडळाकडे डिमर घ्यायची ऐपत नव्हती, तेव्हा बाबांनी मातीच्या मोठ्या बरण्यांत मिठाचं पाणी भरून, त्यात पत्र्याची पट्टी खालीवर करून दिवे मंद आणि तेज करायची सोय केली होती. पट्टी वर खेचली की सूर्य मावळायचा. शॉक बसायचा, तेव्हा बाबा फक्त ‘अरे बाप रे’ म्हणायचे आणि पुन्हा पट्टीला हात घालायचे.

या वीस वर्षांत बाबांना एकदाही स्टेजवर पाय ठेवायला मिळाला नाही. आवाज होता, घरभर भरणारा. रविवारी आई भुट्ट्याचा कीस परतत असायची, चुलीवर दूध आणि हिरवी मिरची यांचा वास सुटलेला असायचा, आणि बाबा दाढी करता करता एखाद्या नाटकाचा पहिला अंक सगळ्या पात्रांसकट म्हणून दाखवायचे. विंगेत उभं राहून त्यांना सगळं पाठ झालेलं. मग मंडळाच्या वर्धापनदिनाचं नाटक ठरलं, मंडळातल्याच एकाने लिहिलेलं, राजाबिजाचं, आणि राजवैद्याचं काम करायला माणूस मिळेना. नानासाहेब स्वतः राजा. मरणाच्या दारात पडलेल्या राजाला वैद्य औषध पाजतो आणि चार वाक्यं बोलतो, एवढंच काम. ते बाबांना मिळालं.

त्या महिन्यात आमच्या घरात दुसरा विषय नव्हता. बाबा ती चार वाक्यं पेरूच्या झाडाला ऐकवायचे, सायकल पुसताना ऐकवायचे, जेवताना ताटावरून मान वर करून ऐकवायचे. आई वैतागायची. ‘अहो, पहिले पोळी तर खाऊन घ्या, राजाला नंतर बरं करा.’ मग स्वतःच राजा व्हायची आणि उशीला टेकून ‘हं, पाजा औषध’ म्हणायची. मी चेष्टा करायचो, पण मला माहीत होतं की बाबांना इतकं खूश मी कधी पाहिलेलं नाही. महूहून मोठे काका, दोन्ही काकू आणि सगळी चुलत भावंडं टेम्पो करून येणार असं ठरलं. मोठे काका फौजेतून हवालदार होऊन निवृत्त झालेले. त्यांनी बूट पॉलिश केले होते, ते मला अजून दिसतात.

प्रयोगाच्या संध्याकाळी मी मेकअपच्या खोलीत होतो, बाबांचा डबा आणि वैद्याची वाटी घेऊन. बाबांच्या तोंडाला पांढरी दाढी चिकटवून झाली होती, गोंद अजून ओला होता. नानासाहेब सोनेरी कागदाचा मुकुट घालून आत आले. वाटीकडे त्यांनी एकदा पाहिलं. बाहेर गेले, पुतण्याशी काहीतरी बोलले. बाबा मधेच एक वायर बघून पुन्हा खुर्चीवर येऊन बसले, आणि मग नानासाहेब परत आले. खाकरले. मान डावीकडे.

‘असं आहे बघ, सुखदेव. तुझं ते वैद्याचं, ते जरा राहू दे.’

बाबा खुर्चीवरून उठले. ‘काय झालं, नानासाहेब?’

‘लाइट कोण बघणार? आणि पुण्याहून पाहुणे आलेत. तुझ्या बोलण्याला थोडा हिंदीचा वास येतो. श्रीकांत करेल.’ श्रीकांत म्हणजे तो पुतण्या. तो दारात उभा राहून नखं पाहत होता.

बाबा म्हणाले, ‘जी.’ फक्त एवढंच. दाढी ओढून काढली, गोंदाबरोबर गालाची कातडी लाल झाली, आणि ते बरण्यांकडे निघून गेले.

मला बाहेर जाऊन घरच्यांना सांगायचं धैर्य झालं नाही. मी आईच्या मागच्या रांगेत बसलो. सगळा पहिला अंक मोठे काका विचारत राहिले, ‘कधी येतो? आता येतो का?’ दुसऱ्या अंकात पांढऱ्या दाढीचा वैद्य आत आला आणि काका ओरडले, ‘हा बघा आला!’ त्यांनी टाळ्या वाजवल्या. महूच्या सगळ्या रांगेने वाजवल्या, माझी लहान चुलत बहीण बाकावर उभी राहून वाजवत होती. पुण्याच्या पाहुण्यांनी वळून पाहिलं. मग आई हळू आवाजात म्हणाली, ‘हे नाहीत ते.’ टाळ्या एकेक करून थांबल्या. शेवटी राजा मेला, आणि बाबांनी त्याच्या तोंडावरचा प्रकाश इतका सावकाश मावळवला की सगळ्या हॉलने टाळ्या दिल्या. त्या राजाला गेल्या.

नाटकानंतर आम्ही अंगणात सतरंजीवर बसून आईने आणलेल्या पुऱ्या आणि बटाट्याची भाजी खाल्ली. काका शेवटी म्हणाले, ‘लाइट एकदम झकास होते, सुखदेवा.’ बाबा म्हणाले, ‘हो ना.’ मी हातातली पुरी खाली ठेवली आणि तिथेच ठरवलं, या माणसाला सगळ्या शहरासमोर उघडं पाडायचं. कसं ते माहीत नव्हतं. बाबांना काहीच ठरवायचं दिसत नव्हतं, कारण दुसऱ्याच दिवशी निरोप आला आणि ते मंडळाचे दिवे उतरवायला गेले. पुढच्या नाटकालाही गेले. मी विचारलं तर म्हणाले, ‘लाइट कोण बघणार होतं, बरोबरच बोलले ते.’ तेव्हा मला बाबांचाही राग आला.

ते दिवस केबलचे होते. कृष्णपुऱ्याच्या होळकरांच्या छत्र्यांकडून बाजारात शिरलं की एका भांड्यांच्या दुकानावर मुन्ना भियाची केबलची खोली होती. तिथून त्याच्या वायरी अर्ध्या शहरात गेलेल्या. मुन्ना भियाने मुंबईच्या कुठल्याशा दुकानातून एका परदेशी मालिकेच्या कॅसेट मिळवल्या होत्या. त्या रात्रीच्या व्हिडिओ कोच बसने दहा-दहाच्या लॉटने यायच्या. कॅसेटवर फक्त नंबर. भाषा कोणती, हे मुन्ना भियालाही माहीत नव्हतं. रशियन असेल, असं त्याचं मत होतं. त्याला ती मालिका दुपारी एक वाजता हिंदीत दाखवायची होती, आणि कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये त्याने माझा आवाज ऐकला होता.

‘बोल लेगा?’ त्याने विचारलं.

‘पर भिया, ये लोग बोल क्या रहे हैं?’

‘वो किसको मालूम! मुँह हिले तब तक तू बोल. मुँह बंद, तू बंद. इतना ही काम है.’

असं आमचं काम चाले. सकाळी दहाला कॅसेट एकदा आवाज बंद करून बघायची, तोंडं बघून गोष्ट ठरवायची, वहीत संवाद लिहायचे, आणि एक वाजता टेप सुरू झाली की माइकसमोर बसून थेट बोलायचं. चुकलं तर चुकलं, सगळ्या शहरात जायचं. सगळे पुरुष मी. सगळ्या बायका मुन्ना भियाची बहीण रेखादीदी, ती शिशुवर्गात शिकवायची, त्यामुळे तिच्या तोंडी नायिकाही जरा पाढे घेतल्यासारखी बोलायची. मुन्ना भिया स्वतः कॅसिओच्या कीबोर्डवर दुःख आणि आनंद वाजवायचा. पुढचा लॉट आल्याशिवाय पुढे काय होतं हे आम्हा तिघांनाही ठाऊक नसायचं, आणि आम्ही बिनधास्त होतो.

मालिकेत एक मोठा मळा होता, कॉफीचा असावा, आम्ही त्याला चहाचा म्हटलं. एक सुंदर मुलगी, तिच्यावर प्रेम करणारा गोरा तरुण, आणि मळ्याचा मालक, भरघोस मिशांचा, पांढरी हॅट घालणारा, कपाळाला सतत आठी. पहिल्याच कॅसेटमध्ये मालकाने मुलीची चिठ्ठी फाडली, तिच्या खोलीला कुलूप लावलं आणि तरुणाला मळ्याबाहेर घालवलं. मी वहीत लिहिलं, खलनायक. नाव ठेवलं ठाकूर. आणि पेन हातात असतानाच माझ्या डोक्यात प्रकाश पडला. त्या मिशांचं तोंड माझ्या ताब्यात होतं. दुपारी एक वाजता ठाकूर पहिल्यांदा बोलायला उभा राहिला, तेव्हा मी माइकमध्ये बारीक खाकरलो आणि म्हणालो, ‘ऐसा है देखिए... वो जरा रहने दो.’

पहिल्या आठवड्यात काही झालं नाही. दुसऱ्या आठवड्यात मंडळातल्या पोरांनी एकमेकांकडे पाहिलं. तिसऱ्यात पोह्यांच्या ठेल्यावर मी स्वतः ऐकलं, एक जण जास्तीची शेव मागत होता आणि ठेलेवाला खाकरून म्हणाला, ‘ऐसा है देखिए भिया, वो जरा रहने दो,’ आणि सगळे खो खो हसले. ठाकूरच्या तोंडी मी एकेक करून सगळं घातलं. नानासाहेबांचं दुसऱ्याचं नाटक स्वतःच्या नावावर सांगणं, चहा पाजायचं कबूल करून उठून जाणं, कुणी बरं काम केलं की ‘ठीक आहे, पुढच्या वेळी बघू’ म्हणणं. मराठी घरांत तर दुपारी एकला बायका स्वैपाकघर सोडून टीव्हीपुढे बसायच्या, कारण आज ठाकूर काय बोलणार आणि ते कुणाचं असणार हे त्यांना आधीच कळायचं. मंडळात नानासाहेब खाकरेनासे झाले. घसा खवखवला तरी गिळून टाकायचे, डोळ्यांत पाणी यायचं. मी तालमीला मुद्दाम जाऊन पुढच्या खुर्चीवर बसायचो, फक्त ते गिळणं बघायला. मला फार बरं वाटायचं. एवढं बरं मला नंतर कुठल्या पुरस्कारानेही वाटलेलं नाही.

मग शेवटचा लॉट आला. सकाळी दहाला आम्ही कॅसेट लावली. गोऱ्या तरुणाने, ज्याला मी दोन महिने देवमाणूस करून ठेवलं होतं, त्याने मुलीच्या गळ्यातली साखळी चोरली, कागदांवर खोट्या सह्या केल्या आणि धान्याच्या कोठाराला आग लावली. आणि आमचा ठाकूर त्या आगीत शिरला. मुन्ना भिया कॅसिओ सोडून उभा राहिला. ‘अबे, ये तो हीरो निकल गया!’ ठाकूर मुलीला पहिल्यापासून त्या चोरापासून वाचवत होता. चिठ्ठी त्यासाठी, कुलूप त्यासाठी. आम्हाला भाषा कळत असती तर पहिल्याच दिवशी कळलं असतं. पण मी आठी बघितली आणि माणूस ठरवून टाकला.

तरी मी हार मानली नाही. दुपारी ठाकूर आगीत घुसला तेव्हा मी माइकमध्ये ओरडलो, ‘मेरी तिजोरी! मेरी तिजोरी अंदर है!’ त्याने आत जाऊन शोधलं, धूर झाला, छत कोसळलं, आणि तो बाहेर आला तो मजुराची तीन वर्षांची पोरगी छातीशी घेऊन. स्वतःचा कोट तिच्याभोवती गुंडाळलेला. त्याची पाठ जळली होती. माझ्या वहीत तिजोरीचे अजून चार संवाद होते, मी वही मिटली. रेखादीदी माइकपुढे बोलायचं सोडून रडत होती, आणि ते रडणं तसंच प्रक्षेपित झालं. संध्याकाळपर्यंत सगळं शहर ठाकूरवर जीव टाकू लागलं होतं.

त्या नटाचं नाव मला परवा-परवा कळलं. नातवाने फोनवर शोधून दिलं, नीट उच्चारता येत नाही म्हणून इथे लिहीत नाही. तो ब्राझीलचा, भाषा पोर्तुगीज. बंदरावरच्या गरीब वस्तीत वाढला, आधी रेडिओवर नाटकं वाचायचा, टीव्ही आला तेव्हा आवाजामुळे आत शिरला आणि मग चाळीसएक वर्षं तिथल्या मालिकांमधून डॉक्टर, पाद्री, न्यायाधीश आणि वरून कठोर पण आतून मऊ असे जमीनदार करत राहिला. म्हातारपणी त्याची एकच तक्रार होती म्हणे, की आपल्याला कुणी कधी खलनायक करू दिला नाही. ते वाचून मला हसू आलं. त्याला तो इंदुरात दोन महिने मिळाला होता, आणि तो मी दिला होता. त्याची क्षमा मागावी असं एकदा वाटलं. नानासाहेबांच्या बाबतीत तसं कधी वाटलं नाही.

कारण आगीच्या दुसऱ्या दिवशीच नानासाहेब पुन्हा खाकरू लागले. आधीपेक्षा मोठ्याने. पोरं आता त्यांना प्रेमाने ‘ठाकूरसाहब’ म्हणत होती, दुकानदार उभे राहून नमस्कार करत होते, आणि ते मान डावीकडे कलती करून स्वीकारत होते. शेवटचा भाग रविवारी होता. मंडळाने हॉलमध्ये मोठा टीव्ही लावून सगळ्यांनी मिळून तो बघायचं ठरवलं, मधल्या खुर्चीवर नानासाहेब, हार वगैरे. शनिवारी बाबा हॉलमध्ये टीव्हीची वायर जोडत होते. नानासाहेब त्यांच्याजवळ आले आणि माझ्यादेखत म्हणाले, ‘सुखदेव, तुझ्या पोराने माझं नाव केलं हं. तुझ्या घरात कुणाला तरी बोलता येतं म्हणायचं!’

बाबांनी स्क्रू पिळला, हात पुसले आणि म्हणाले, ‘जी.’

घरी येताना सायकल हातात धरून ते बराच वेळ चालत राहिले. मग विचारलं, ‘उद्या तो मिशीवाला मरतो?’

‘हो.’

‘मरताना बोलतो?’

‘खूप. त्या मुलीचा हात धरून चार-पाच मिनिटं बोलतच राहतो.’

‘मग ते मी बोलतो,’ बाबा म्हणाले.

मला वाटलं, बिचाऱ्यांना निदान एवढं तरी मिळू दे. मी हरलो होतो. मी बसून ठाकूरचं उदात्त मरण लिहून काढलं, क्षमा, माती, आशीर्वाद, सगळं. नानासाहेबांच्या गळ्यात मीच हार घालत होतो. रविवारी बाबा इस्त्रीचा शर्ट घालून मुन्ना भियाच्या खोलीत आले. आईने डब्यात साबुदाण्याची खिचडी दिली होती, ती कुणी उघडली नाही. एक वाजता टेप सुरू झाली. ठाकूर पलंगावर होता. त्याने डोळे उघडले. बाबा माइकपाशी सरकले आणि खाकरले.

दोन महिने मी ते खाकरणं करत होतो आणि मला वाटत होतं, ते मला साधलंय. बाबांचं हुबेहूब होतं. वीस वर्षं विंगेतून ऐकलेलं.

‘ऐसा है देखिए,’ बाबा म्हणाले, ‘मेरा टाइम हो गया. जाते जाते एक बात बोलनी है.’ मी कागद पुढे केला. त्यांनी तो बाजूला सारला, आणि ब्राझीलचा ठाकूर मराठीत बोलू लागला.

‘असं आहे बघा. सुखदेवचं वैद्याचं काम मी काढून घेतलं. लाइटचं सांगितलं, भाषेचं सांगितलं. दोन्ही झूट. महिनाभर तालमीत औषध नुसतं हाताने दाखवायचं होतं, तोपर्यंत सुखदेव चालत होता. त्या दिवशी वाटीत खरंच मधाचं पाणी आलं. त्याच्या घरचं. ते त्याच्या हाताने माझ्या तोंडात जाणार होतं, सगळ्यांच्या समोर. ते माझ्याने नाही झालं. मी बाहेर जाऊन श्रीकांतला हेच बोललो, की यांच्या हातचं मी पिऊ का? पडद्याच्या मागे सुखदेव वायर धरून उभा होता. त्याने ऐकलं. तो खुर्चीवर परत येऊन बसला, तेव्हा मी आत जाऊन त्याला भाषेचं सांगितलं. दुसऱ्या दिवशी मी त्याला दिवे उतरवायला बोलावलं. तो आला, तर मला वाटलं, याला काही कळलं नाही. त्याला सगळं कळलं होतं.’

रेखादीदीला मराठी येत नव्हती, तरी ती हलली नाही. मुन्ना भियाचे हात कॅसिओवरून खाली आले. मी बाबांकडे बघत होतो. इतके महिने मी त्यांचा सूड घेत फिरत होतो, आणि कशाचा, हे मला आत्ता कळत होतं. भाषेच्या अपमानासाठी मी एवढा पेटलो होतो. याच्यासाठी काय केलं असतं, देव जाणे.

पडद्यावर ठाकूर अजून बोलत होता. मुलीचा हात छातीशी धरून, डोळ्यांत पाणी आणून, ओठ हलतच होते. सवयीने मी माइककडे हात नेला. काहीतरी चांगलं बोलून त्याला मारून टाकावं म्हणून. बाबांनी माझं मनगट धरलं.

‘राहू दे,’ ते म्हणाले. ‘आता याला आवाज द्यायचा नाही.’

त्यांनी माइकचं बटण बंद केलं. इंदूरच्या सगळ्या घरांत ठाकूर तोंड हलवत राहिला, मुका. हॉलमधलं मला नंतर कळलं. श्रीकांत टीव्ही बंद करायला उठला तेव्हा मागच्या रांगेतून एक म्हातारी बाई म्हणाली, ‘बस खाली. बघू दे आम्हाला.’ तो बसला. नानासाहेब हार गळ्यात घेऊन, आरशासमोर बसावं तसे त्या हलत्या ओठांसमोर शेवटपर्यंत बसून राहिले. उठायचं तर सगळ्यांच्या मधून जावं लागलं असतं.

मुन्ना भियाचा फोन वाजायला लागला. ठेवला की पुन्हा वाजायचा. लोक चिडले होते, ऐन वेळी आवाज गेला म्हणून. मुन्ना भिया घाबरून फोनकडे नुसता बघत होता. बाबा उठले, शर्टची बाही सारखी केली आणि रिसीव्हर उचलला. मग दुसरा फोन, मग तिसरा, सगळे त्यांनी स्वतः घेतले, आणि प्रत्येकाला त्याच घरभर भरणाऱ्या आवाजात, एकेक शब्द सुटा करून सांगितलं, ‘आवाज गई नहीं है जी. हमने बंद की है.’